ढवळ्याचा काला

टेंभुर्णी, २ ऑगस्ट १९९४

चि. तातेराव यास द्वारकाआक्काचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

कपाशी बरी आहे. पण दिवाळीला तू दिलेला ससा, आपला ढवळ्या, काही खाईना. लाळ गळते, हनुवटी सदा ओली. रोज दुधात भाकरी कुस्करून मऊ काला भरवते, तोही टाकून देतो.

मला संशय सुनेचा आहे. वैशाखात बेबीनंदा घरात आली आणि हे सुरू झालं. परवा पिंजऱ्यात कडबा सारताना मी तिला धरलं. म्हणते कशी, आमच्या माहेरी धावड्याला ससे हेच खात्यात. काडी घशात अडकून मरावा, दुसरं काय! शेजारणींसमोरच सांगितलं, जी मुक्या जिवाला सोडत न्हाई ती मला सोडील का? तेव्हापासून तिच्या हातचं पाणी पीत नाही. पंचमीला माहेरी जाईल, ती पुन्हा आणायचीच नाही. मच्छिंद्र माझाच लेक, पण तोंड शिवून बसतो.

धाकट्या भावाने आक्काकडे लक्ष ठेवावे.

द्वारकाआक्का

जालना, १७ ऑगस्ट १९९४

ती. आक्कास तातेरावचा शि. सा. न. वि. वि.

मच्छिंद्र ढवळ्याला टोपलीत घालून घेऊन आला. सुनेला मात्र तू आधीच शिक्षा सुनावलीस. फौजदारच व्हायची होतीस!

गुरांच्या डॉक्टरांना दाखवला. तुझं ऐकून मीही विचारलं, घशात काडी अडकली का. त्यांनी जबडा उघडून दाखवला. दाढा वाढून टोकदार झालेल्या, जीभ सोललेली. सशाचे दात जन्मभर वाढतात, गवत-कडबा चावून झिजतात. दिवाळीपासून तुझा मऊ काला. दाढा झिजणार कशाने? भूल देऊन टोकं घासली. आता हराळी आणि कडबाच द्यायचा.

आक्का, मला फार राग आलाय. मच्छिंद्र इथे रडला. तुझ्यापुढे रडणार नाही, म्हणून कळवतो. सासूचं बोलावणं आल्याशिवाय पोरीला पाठवायचं न्हाई, असं धावड्याहून त्याला सांगितलंय.

रागावलो तरी तुझाच आहे.

तातेराव

टेंभुर्णी, २२ ऑगस्ट १९९४

चि. सौ. बेबीनंदा हिस सासूचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

ढवळ्या घरी आला. डॉक्टर खोटं तर बोलत नाही ना, म्हणून मी पिंजऱ्यापाशीच बसले. हराळी कुरुकुरु खाल्ली, मग कडबाही. माझ्याच मायेनं त्याची जीभ सोलली आणि आळ मी तुझ्यावर घातला. फार वाईट वाटतं गं.

तरी मनात आलं, एवढं ठाऊक होतं तर ही भांडली का नाही? मग आठवलं, तू सांगितलं होतंस. मीच ऐकलं नाही.

शुक्रवारी मच्छिंद्र तुला घ्यायला येईल. आईवडिलांना म्हणावं, सासूनं स्वतः बोलावलंय. शेजारणींसमोर बोलले होते, म्हणून त्या दिवशी त्यांनाही बोलावते. प्रवासानं दमून येशील, खरं तर पाणी मीच पुढे करायला हवं. पण माझं एवढं ऐक. आल्या आल्या त्या सगळ्यांसमोर मला तुझ्या हातचं तांब्याभर पाणी दे.

दाराशी वाट पाहणारी,

तुझी सासू