समोरच्याची बाजू

सर, आज मला किळस आली आहे, आणि ती सांगायला तुमच्याशिवाय कोणी सुचलं नाही. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी कोथरूडच्या तुमच्या स्वयंपाकघरातला तो रविवार तसाच्या तसा दिसतो. तुम्ही पोह्यांसाठी कांदा चिरताय आणि मी नि माझा वर्गमित्र सुरक्षा परिषदेतल्या नकाराधिकारावरून हमरीतुमरीवर आलोय. सुरी खाली न ठेवता तुम्ही म्हणालात, "अहो बाई, आधी त्याची बाजू मांडा. 'हो, मला हेच म्हणायचंय' असं तो म्हणेपर्यंत मांडा. मग तुमचं ज्ञान पाजळा." मी पुन्हा पुन्हा मांडली, तो नाहीच म्हणत राहिला, पोहे गार झाले. शांतता कशी घडवतात यावर पुढे मी ढीगभर वाचलं, पण शिकले ते तिथेच. वर्षभरात तो मित्र कॉम्प्युटरच्या क्लासला गेला, तुमचा वर्ग निम्मा ओस पडला. "शांतता शिकून नोकरी नाही मिळत, सर," तो म्हणाला. "बरोबर. नोकरी लागली की शांतता मिळते का, तेवढं कळवा," तुम्ही म्हणालात.

मला शांततेतच नोकरी मिळाली. आज खराडीतल्या एका काचेच्या इमारतीत आमची बैठक होती. जागतिक संस्था कशा सुधाराव्यात, यावरच्या अहवालाचा शेवटचा मसुदा समोर होता. युद्धात गाव गमावलेली एक बाई तिच्या देशातून पडद्यावर बोलत होती, दुभाषी अडखळत होता. अध्यक्षांनी घड्याळ पाहिलं आणि तिचा आवाज बंद करायला सांगितला. तिचे ओठ हलतच राहिले. "त्यांचं म्हणणं आलंय आपल्याकडे," अध्यक्ष म्हणाले. मी म्हणाले, "मग मांडा ना तुम्ही ते, त्या हो म्हणतील असं." "मॅडम, लंच लागलाय." सगळे हसले. संध्याकाळी मसुद्यात 'पीडितांशी सविस्तर चर्चा करून' हे शब्द आले, आणि खाली लेखकांमध्ये माझं नाव. शी! या माणसांबरोबर एका ताटात जेवल्यासारखं वाटतंय.

घरी येऊन तुमचा नियम लावून पाहिला. आधी अध्यक्षांची बाजू मांडली. वेळ कमी होता, मोठ्या देशांना दुखावून चालत नाही, आज थोडं तरी पदरात पडू दे. इतकी झकास जमली की त्यांनी मला टाळी दिली असती. मग त्या बाईची मांडायला घेतली. दुभाष्याकडून कानावर पडलेले गाव, पूल, तिचा मुलगा एवढे सुटे शब्द आठवले, आणि पुढे काहीच येईना. तिचा आवाज बंद झाला तेव्हा मीसुद्धा उठून जेवायलाच गेले होते.

अहवाल उद्या सकाळी जाणार. 'माझं नाव काढा' एवढा एका ओळीचा मेल अध्यक्षांसाठी लिहून ठेवलाय, तो अजून पाठवलेला नाही. हे पत्र मात्र भराभर लिहून झालं, सर. तुम्ही उत्तर देणार नाही, म्हणून.