शेजारच्या खोलीची कणकण

मंगळवार, सकाळी

प्रिय धाकटे,

आशीर्वाद. तुम्ही सगळे सुखरूप असाल, देवापाशी रोज तेवढं मागतो. इतक्या वर्षांनी माझं अक्षर पाहून दचकू नकोस. आई आहे अजून.

तुझी वहिनी बरी आहे, जीभ तर आणखी बरी. माझं वजनकाट्यांच्या दुरुस्तीचं चाललंय, पण हल्ली काम घरी आणता येत नाही. टेबलावर ठेवलेला काटा शून्यावर ठरतच नाही.

घराला कणकण आली आहे. आधी नुसत्या पेल्यातल्या पाण्यावर बारीक वळ्या उठायच्या. मग भिंतीला डोकं टेकलं की दात शिवशिवायला लागले. काल रिकामं पातेलं आपलं आपण सरकत ओट्याच्या कडेपर्यंत गेलं. वहिनी म्हणाली, "बघा, त्यालासुद्धा इथून निघायचं सुचतंय. तुम्हालाच सुचत नाही." खालच्या काकू जिन्यात गाठून विचारतात, "काय हो, घर कुडकुडतंय का? पांघरूण घाला की!" मी हसतो. पण हसण्यावारी नेण्यासारखं आता राहिलेलं नाही.

परवा विणकराला बोलावलं. बाबांच्या तोंडून गोष्ट ऐकत ज्यांनी आपलं घर विणलं, त्यांचा हा मुलगा. बापासारखाच भिंतीला तळहात लावून उभा राहिला. "सांगा घराची गोष्ट. पहिल्यापासून. मध्ये काही गाळू नका."

मी सांगत गेलो. बाबा डोंगर उतरून आले, आई ट्रंक घेऊन आली, मी झालो, मग तू. भिंत गप्प. तुझ्या खोलीपाशी पोचलो आणि खिडकीची काच वाजायला लागली.

"इथे दोन धागे एकमेकांना आडवे आलेत," तो म्हणाला. "एक कोणीतरी उंबऱ्यात उभं राहून बोललंय, या घरात पुन्हा पाय ठेवणार नाही म्हणून."

"धाकटी बहीण. रागात बोलली होती."

"राग घराला कळत नाही हो. ते शब्द ऐकतं आणि विणून घेतं. आणि दुसरा धागा कुणाचा?"

मी म्हटलं, माहीत नाही. तसा वरून चुन्याचा पोपडा सुटला तो थेट त्याच्या टकलावर. "दादा," तो डोकं झटकत म्हणाला, "घरात उभं राहून घराशीच खोटं नका बोलू. मार मला बसतो."

आईचं लिहायचं राहिलं. राहिलं कसलं, मीच टाळत होतो. तिला आता फारसं आठवत नाही. मला कधी स्वतःचा भाऊ समजते, कधी नुसताच काटेवाला. तुला मात्र विसरली नाही. रोज दिवे लागले की विचारते, "धाकटी आली का?" पहिल्यांदा मी नाही म्हटलं, तर जिन्यात जाऊन बसली, काही केल्या उठेना. दुसऱ्या दिवशी म्हटलं, "आलीय गं. शेजारच्या खोलीत झोपलीय." त्या दिवशी ती पोटभर जेवली. मग रोज तेच. तुझ्या दाराशी जाते, कडीला हात लावत नाही. "झोपू दे, दमली असेल," म्हणते आणि पावलं न वाजवता माघारी फिरते.

तो दुसरा धागा माझा.

विणकर म्हणतो, खोली उसवून टाकू. तुझा धागा घराच्या गोष्टीतून काढला की कणकण थांबेल. "आणि आई?" मी विचारलं. त्याने भिंतीवरचा हात काढून घेतला. "या घरात राहणाऱ्यांच्या मनातूनही तो धागा जातो. त्या विचारायच्या थांबतील. त्रास काही व्हायचा नाही." मीही याच घरात राहतो, हे तो बोलला नाही. मला समजलं.

वहिनी म्हणाली, करून टाका. तिचं चुकलं असं मी म्हणणार नाही. छत तिच्याही डोक्यावर आहे.

दुसरी वाट एकच, माझं खोटं खरं होण्याची. तू येऊन या खोलीत पाठ टेकायची. पाऊल पडलं की उंबऱ्यातली शपथ आपोआप उसवते, असं तो म्हणाला. शुक्रवारी तो हत्यारं घेऊन येणार आहे.

काल आईने पुन्हा विचारलं. खोटं बोलायची छाती नव्हती, खरं बोलायची त्याहून नव्हती. म्हटलं, "तिला पत्र लिहितोय." ती म्हणाली, "लिही. पण रागावून लिहू नकोस." धाकटे, ते ऐकून काच घटकाभर गप्प झाली गं.

खालच्या काकूंनी आईला आणि वहिनीला आपल्याकडे ठेवून घेतलंय, अजिबात थट्टा न करता. वहिनी माझ्याशी बोलत नाही. कारण मी गादी उचलून इथे, तुझ्या खोलीत आलोय. माणूस आत असताना विणकर खोली उसवत नाहीत, तो त्यांचा धर्म आहे. शुक्रवारी मी दार उघडणार नाही. एका कोपऱ्यात छत खाली झुकलंय. भार देवावर टाकलाय खरा, पण हे छत देवाने विणलेलं नाही, हेही मला कळतं.

तू येशील, असं इथे बसून म्हणवत नाही. घर ऐकतं, आणि आणखी एक धागा त्याला सोसायचा नाही. तुझं काय ते तू ठरव. राग अजून असला तरी चालेल.

तुझ्या खोलीत बसून राहिलेला,
दादा