हडळीची सून

२ जून
चाळीस वर्सांपूर्वी आमच्या शेलार गावात हडळीचा पिक्चर बनला. त्यातली हडळ म्हंजे माझी सासू, आक्का. लहानपनी तो बघून मी आठ दिवस तापले होते. नशीब माझं, लग्न होऊन तिच्याच घरात आले.
१५ला हॉलमदी पिक्चर परत लावनार, आक्काला शाल-नारळ देनार. १६ला माझी पोरगी पूर्वी पहिलीत जानार. पोर माझं बघून शिकते. मी भ्याले तर तीपन जन्मभर भीनार. ठरवलं, पूर्न पिक्चर बघायचा. डोळे उघडे ठेवून.

४ जून
मोबाईलवर पाच मिनटं बघितला. आवाज बंद करून. विहीर आली आन् कुकरची शिट्टी झाली, म्हनून उठले. कुकर शेजारच्यांचा होता. तरी बघायला पायजे ना.

७ जून
मिस्टर बोलले, कसा बनवला ते आईलाच विचार, भीती जाईल. विचारलं. केस म्हंजे पॉवरलूमचा वेस्ट धागा, काळा रंगवलेला. धुकं म्हंजे सुताला खळ लावतात त्या सायझिंगच्या बॉयलरची वाफ. रक्त कोकमाचं. त्याला मुंग्या लागल्या, चावल्या, म्हनून ती किंचाळली. तीच किंकाळी आता कॉलेजची पोरं रिंगटोनला लावतात.
सगळं कळलं. भीती गेली.

८ जून
पिक्चरची गेली. आता आक्काची वाटते. सकाळी न्हाऊन केस मोकळे सोडून दारात उभी. माझ्या हातून दुधाचं पातेलं पडलं. मी बोलले, मांजर आडवं आलं.
आक्का बोलली, "ते मांजर मीच ना गं?"

११ जून
गावात पोरं जेवली न्हाय की बाया बोलतात, आक्काला बोलवू का? पूर्वी बोलते, बोलवा, माझी आजी हाय. एवढीशी पोर, जरापन भीत न्हाय. हे काय बरं लक्षन न्हाय. मीठ-मोहरीनं दृष्ट काढली.

१४ जून
तयारी पूर्न. मिस्टरांना दाराजवळची खुर्ची धरायला सांगितली. वारं लागतं म्हनून.

१५ जून, संध्याकाळ
हॉल गच्च. पोरांच्या टी-शर्टवर आक्काचं तोंड. हडळ विहिरीतून वर आली तवा मी बाजूचा हात घट्ट धरला. गार, सुरकुतलेला. बघते तर आक्का. पडद्यावरपन आक्का, बाजूलापन आक्का. उठले ती सरळ बाहेर पार्किंगमदी.
तिथं ध्यानात आलं, पूर्वी आतच ऱ्हायली. जिच्यासाठी एवढं केलं तिलाच टाकून पळाले. परत जायला पाय उचलेना.
तीच आली. अंधाऱ्या हॉलमधून एकटी. माझं बोट धरून बोलली, "चल आई. पिक्चरमदली आजी मेली आता."
गेले तिच्या मागं मागं.