दुसरबीडला पाठवलेली मांजर

आई, परवा मांजरीच्या कानामागे नवे केस दिसले आणि ते पहिल्यासारखे नाहीत. तिथे ती गर्द राखी होती. आता आलेत ते पिलाच्या अंगावर असतात तसे, मऊ आणि फिके. खिडकीशी नेऊन पुन्हा पाहिलं. तेव्हापासून माझा गोंधळ उडाला आहे, आणि जिला विचारावं ती एकटी तूच होतीस.

झालं असं, की पावसाळा सरत असताना तिच्या कानामागे रुपयाएवढी जागा उघडी पडली. कडेचे केस मध्येच तुटल्यासारखे, कातडीवर कोंडा. खाजवत नव्हती, म्हणून मला वाटलं कुठे भांडून आली असेल. मेडिकलवाल्याने कधीतरी माझ्या पायाला दिलेलं मलम कपाटात होतं, तेच तिला लावलं. लाली कमी झाली, मी खूश. मग नाकाच्या कडेला आणि पुढच्या पंजावर नवे डाग उमटले. इथे बुलढाण्यात जनावरांची डॉक्टर आहे, माझ्या मुलाहून लहान, ती माझ्यावर चांगलीच रागावली. "काकू, माणसाचं मलम कशाला लावलंत? त्यात लाली दडपायचं औषध असतं. वरून बरं दिसतं आणि खालून बुरशी पसरते." खोलीत अंधार करून तिने जांभळ्या उजेडाचा दिवा मांजरीवर धरला, तर काही केस हिरवे चमकले. सगळ्याच वेळी चमकत नाहीत म्हणाली, म्हणून थोडे केस उपटून तपासणीलाही पाठवले. गजकर्णच निघालं. माणसाला होतं तेच, मांजरीकडून माणसाला आणि माणसाकडून मांजरीला जाणारं. डागांभोवतीचे केस तिने कातरले. आता रोज खाण्याबरोबर पोटातून औषध, अधूनमधून औषधी शाम्पूची अंघोळ, मागची खोली वेगळी, तिची गोधडी गरम पाण्यात, आणि पडलेला केस न केस उचलायचा. "डाग गेले म्हणून थांबायचं नाही, काकू. तपासणी लागोपाठ दोनदा स्वच्छ आली पाहिजे."

मुलाला हे फोनवर सांगितलं तर तो म्हणाला, "आई, दिवाळीला बाळाला घेऊन यायचंय. त्याच्या आधी त्या मांजरीचं काय ते कर. सोडून दे कुठेतरी." कुठेतरी म्हटल्याबरोबर माझ्या मनात दुसरबीड आलं.

तुला आठवतं का? देऊळगाव राजाचं आपलं घर, मी कॉन्व्हेंटचा निळा फ्रॉक घालून भर दुपारी परत आलेली. सिस्टरांनी माझी मान पाहिली होती आणि बरं झाल्याशिवाय येऊ नकोस म्हणाल्या होत्या. तू भाकरी थापते आहेस. तू माझ्या मानेवरचा गोल चट्टा पाहतेस, मग चुलीच्या डाव्या बाजूला झोपलेल्या मांजरीकडे पाहतेस. दुसऱ्या दिवशी मांजर नव्हती.

"दुसरबीडले पाठवली. तिथं उंदरं लय झाले."

"कोणाकडे?"

"काऊन रडून राह्यली वं? खाय आधी." आणि तू भाकरीकडे वळलीस.

तुझं ते खामगावकडचं बोलणं. बाबांच्या घरचे त्याला हसायचे, आणि शाळेत गेल्यावर मीही थोडी लाजायचे.

मी बरी झाले, शाळा सुरू झाली, तरी माझ्या मानेला लावायचीस त्या गंधकाचा वास तुझ्या हातांना येतच राहिला. हे मला नक्की आठवतं, की आता आठवावंसं वाटतं म्हणून आठवतं, सांगता येत नाही. गोठ्यामागच्या कडब्याच्या खोलीला कडी असायची. "तिकडं जाऊ नको, इच्चू हाय." तुझ्या बांगड्यांखाली एक लाल वर्तुळ होतं. विचारलं तर म्हणालीस, भाजलं.

मग एका सकाळी तू पदराआडून एक बारकीशी मांजर काढलीस. "घे, आली तुही मांजर."

"ही आपली नाही. आपलीचे कान काळे होते."

"हेच हाय वं. पाह्य तं नीट!"

मी पाहिलं. कान फिके होते. मला वाटलं, माझी समजूत काढायला तू बाजारातून दुसरीच उचलून आणलीस. खोटं बोलणं पाप असतं हे शाळेत शिकले होते, आणि मी तुला मनातल्या मनात मोठ्या उदारपणे क्षमासुद्धा केली. मांजर मात्र माझ्या हातातून उतरली आणि सरळ चुलीच्या डाव्या बाजूला जाऊन बसली. मांजरांना ऊब आवडते, एवढंच मला त्यात दिसलं.

काल डॉक्टरला विचारलं, केसांचा रंग बदलतो का? "कधी कधी नवे केस फिके येतात. सगळ्यांचेच नाही." हे काही उत्तर झालं? गंधकाचंही विचारलं, तर मनाने घरचं काही लावू नका म्हणाली, मांजर अंग चाटते आणि ते पोटात जातं. मग तू कुणाला लावत होतीस? बैलाला? की तुझ्याच हाताला? आणि ती त्या खोलीत होती, तर मला का नाही सांगितलंस? मी तिला जवळ घेतलं असतं म्हणून, की बाबांच्या कानावर गेलं असतं आणि त्यांनी तिला हाकललं असतं म्हणून? एकदा वाटतं सगळं जुळलं. मग तुझा चेहरा आठवू पाहते तर काहीच जुळत नाही.

पहिली तपासणी स्वच्छ आली आहे, दुसरी बाकी आहे. ती बिघडली तर मुलाला खरं सांगून दिवाळीला येऊ नका म्हणेन, एवढं पक्कं ठरवलंय. हे कागद कपड्यांच्या घडीखाली राहतील. पाठवायचे तरी कुठे?

आज दुपारी त्याचा फोन आला. मी मागच्या खोलीत होते, मांजर ओली, टॉवेलात गुंडाळलेली.

"मांजरीचं काय केलंस?"

"दुसरबीडला पाठवली."

"कोणाकडे?"

मला एकही नाव सुचेना, आई. गॅसवर काही नव्हतं, तरी दूध उतू जातंय म्हणाले आणि फोन ठेवला.