शर्यतीनंतरचा घसा

वॉलिंगफर्ड,
गुरुवार, १४ जुलै १८८१

प्रिय ऑगस्टाताई,

तुझं पत्र पोचलं. जॉर्जीचा दात पडला आणि त्याने तो मांजराला दाखवला हे वाचून करमणूक झाली. इकडे सारं ठीक. नदीला पाणी कमी, उकाडा मात्र जीव नकोसा करतो आहे.

शनिवारी शर्यती झाल्या. तुझ्या छत्तिशी उलटलेल्या भावाने जुन्या गड्यांच्या बोटीत वल्हं मारलं आणि आम्ही जिंकलो. हसू नकोस. काठावरून जेथ्रो नावाडी ओरडत होता, "डॉक्टर, पोट आत घ्या, नाहीतर बोट बुडतेय!" शर्यत संपली की घसा कसा सोलून निघतो ते तुला माहीत आहे. कॉलेजात असताना तूच मला मध चाटवायचीस. रविवारी तसाच दुखत होता. मध चाटला आणि रोगी बघायला गेलो.

सोमवारीही दुखला. म्हटलं, वय झालं.

एक सांगायचं राहिलं. शर्यतीच्या आदल्या दिवशी बंधाऱ्याची दारं सांभाळणाऱ्या सायलसची पोर टिली घटसर्पाने गुदमरत होती. गळ्याला छेद देऊन चांदीची नळी घातली, तर नळीच घटसर्पाच्या पापुद्र्याने तुंबली. नळीत पीस फिरवलं तरी निघेना. पोर निळी पडली. तिची आई माझ्यावर खेकसली, "अहो, बघत काय बसलात? करा की काहीतरी!" मी नळीला तोंड लावलं आणि एका दमात ओढून काढलं. बाई रडता रडता म्हणाली, "केवढा दम हो तुमचा!" खोटं कशाला बोलू, मी सुखावलो.

मंगळवारी आरशापुढे दिवा धरून आ केला. आत तसाच करडा पापुद्रा होता. दुसऱ्या कुणाचा घसा असता तर रविवारीच पाहिला असता. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

टिली बरी आहे. दूधपाव खाते, आईला छळते. जेथ्रोने खिडकीखालून ओरडून सांगितलं.

ताई, येत्या शनिवारी ठरल्याप्रमाणे पोरांना घेऊन येऊ नकोस. एकटीही येऊ नकोस. आई गेल्यावर प्रत्येक तापात तू उशाशी होतीस, म्हणून तू निघशीलच, हे मला ठाऊक आहे. मला भीती वाटते आहे, खूप वाटते आहे. तुझा हात हातात हवासा वाटतो. तरी येऊ नकोस. हा कागद चुलीवर शेकून धाडतो आहे, वाचून जाळून टाक.

संध्याकाळी रेडिंगहून डॉक्टर मॉन्सेल येईल. चांगला पोरगा आहे, नुकताच बाप झालाय. माझा आवाज कालपासून गेला आहे, म्हणून त्याच्यासाठी पाटीवर लिहून ठेवलं आहे: नळी घाल. तुंबली तर तोंड लावायचं नाही.

तुझाच,
ॲम्ब्रोज