एखादी गोळी चुकली का?

१४ ऑक्टोबर

ती. ताईंना नमस्कार,

तुमचं पत्र पोचलं. गुडघ्याला उतार आहे हे वाचून बरं वाटलं. इकडेही ठीक. सलूनचं शटर बंदच असतं, पण मी अधूनमधून जाऊन आरसे पुसून येते. समोरचा चष्मेवाला दाढीचं जंगल घेऊन फिरतोय, दुसऱ्या कुणाचा हात लावून घेत नाही म्हणे. कधी उघडणार, विचारतो. मी म्हणते, बघू.

तुम्ही विचारलंय, "तो फोनवर का येत नाही? माझ्यावर रागावलाय का?" नाही हो. तुमच्यावर रागवायची ह्यांची कधी छाती झालीय? राग मला आलाय. म्हणून तर उत्तर द्यायला इतका उशीर झाला.

ह्यांचं हृदय मात्र झकास चाललंय. ठोके ताळ्यावर आणायला दिलेल्या शॉकचं काम फत्ते झालं. डॉक्टरांनी परवा कागदाची पट्टी दाखवली, ठोके कसे अगदी प्रार्थनेला उभ्या केलेल्या पोरांसारखे ओळीत. तुम्ही मुख्याध्यापिका, तुम्हाला आवडलं असतं.

शॉकच्या दिवशी आपण तिघं हॉस्पिटलच्या त्या खोलीत होतो, आठवतं ना? पट्ट्या चिकटवायच्या म्हणून नर्स छातीवरचे केस काढत होती, आणि हे म्हणाले, "अहो बाई, वस्तरा असा धरतात होय? आणा इकडे." नर्स हसली, मी हसले, तुम्हीसुद्धा हसलात. मग डॉक्टर आले आणि त्यांनी विचारलं, "गेल्या तीन आठवड्यांत रक्त पातळ करायची एखादी गोळी चुकली का? चुकली असेल तर मोकळेपणानं सांगा. पुढे ढकलू, त्यात काही बिघडत नाही."

ह्यांनी तुमच्याकडे पाहिलं. मला वाटलं, घाबरलेत, धीर शोधतायत. तुम्ही तुमच्या त्या वर्गातल्या आवाजात म्हणालात, "आमच्या घरात औषध चुकत नाही." ह्यांनी मान डोलावली. आणि मी मूर्ख, मला तुमचा अभिमान वाटला!

दोन दिवसांनी सकाळी चहा पिता पिता कप ह्यांच्या हातून निसटला आणि तोंड वाकडं झालं. हृदयात गुठळी धरली होती, ठोके ताळ्यावर आल्यावर ती सुटली आणि मेंदूत गेली, असं डॉक्टरांनी सांगितलं. तेव्हा हॉस्पिटलच्या व्हरांड्यात तुमच्या तोंडून निघून गेलं, "अहो, चारच दिवस तर बंद केली होती!"

मला हे असं कळलं, ताई. सलूनमध्ये वस्तरा ह्यांच्याच बोटाला लागला, रक्त थांबेना, गिऱ्हाईक अर्ध्या दाढीचा फेस घेऊन उठून गेलं, म्हणून तुम्ही गोळ्या बंद करायला लावल्यात. वर, "तिला सांगू नकोस, ती उगाच घर डोक्यावर घेईल." घ्यायलाच हवं होतं मी घर डोक्यावर! "हो, चुकली" एवढं म्हणायला तुमचं काय जात होतं? पुढची तारीख मिळाली असती, बस. शाळेत खोटं बोलणाऱ्या पोरांना तुम्ही बाकावर उभं करायचात. तुम्हाला कोण उभं करणार? दुसऱ्याच दिवशी बॅग भरून गेलात.

रागावायचं तर ह्यांच्यावरही. बावन्न वर्षांचा माणूस, जीव स्वतःचा, पण ताईसमोर तोंड उघडायचं नाही.

आता फोनचं सांगते. हे फोनवर येत नाहीत, कारण ह्यांना बोलता येत नाही. उजवा हात गेलाय, वस्तऱ्याचा. ऐकलेलं सगळं कळतं, बोलायला मात्र एकच शब्द येतो. पाणी हवं, "ताई". खिडकी लाव, "ताई". सकाळी डोळे उघडून माझ्याकडे बघतात आणि म्हणतात, "ताई". चुकलं हे त्यांनाही कळतं, मग लहान मुलासारखे रडतात. पंचवीस वर्षं मी ह्यांचं सगळं करतेय, आणि एक शब्द उरला तोही तुमचा.

बोलायला शिकवणाऱ्या बाई म्हणतात, ज्यांचा शब्द आहे त्यांना एकदा समोर बसवून बघू. हाक त्या माणसाशी जोडली गेली तर बाकीचे शब्द कदाचित सुटे होतील. कदाचितच, खात्री कुणी देत नाही. तुम्हाला पुन्हा उंबरा ओलांडू द्यायचा नाही असं मी ठरवलं होतं. ते राहू दे. या.

पण आल्यावर आधी ह्यांच्यासमोर बसायचं आणि म्हणायचं, "त्या दिवशी मी खोटं बोलले. चूक तुझी नाही." गुळमुळीत नको, त्याच वर्गातल्या आवाजात. कारण डॉक्टर आले की हे अजूनही मान खाली घालतात.

तुम्ही बोलत असताना मी दारात उभी राहीन. मला आत बोलवू नका. बोलवायचंच तर ह्यांना बोलवू दे, माझ्या नावानं.

तुमच्या भावाची बायको,
जिला तो सध्या ताई म्हणतो