म्हैस गेली पाण्याला

अर्धापूर, बुधवार

तारामती अक्काला भुजंगाचा दंडवत. गुडघा कसा हाय? माझाबी तसाच हाय, तवा तो विषय इथंच मिटला. फोनवर आपण दोघंबी एकदमच बोलतो आन् कुणाचं कुणाला कळत न्हाई, म्हणून लिहून राहिलो.

तर आपली ज्ञानेश्वरी (माझी नात, बालाजीची थोरली, नांदेडच्या कॉलेजातली) सुट्टीला आली ती गाणं करायला लागली. म्हणायला न्हाई, करायला. केळी पिकवायची आपली खोली मोकळी होती, तिथं बाहेरचा आवाज येत न्हाई, म्हणून घरातल्या धा गोधड्या भिंतीला टांगल्या (तू शिवलेलीबी) आन् लॅपटॉप घेऊन आत बसली. मी म्हणलं, हे काय खूळ? म्हणली, आजोबा, ह्याला इलेक्ट्रॉनिक सोल म्हणतात. सोल म्हणजे आत्मा म्हणं. आत्मा गळ्यातून आन् ढोल मशिनीतून. मी म्हणलं, दोन्हीबी बंद कर, खोलीत माल यायचाय. तर पोरीनं माझी टोपी काढली आन् कानाला हेडफोन लावला.

अक्का, खोटं कशाला सांगू. आधी लई खालून धडधड आली, लांबच्या विहिरीवर मोटार चालू असावी तशी. मग तिचा आवाज. एकटीचाच, पण धा ज्ञानेश्वऱ्या धुक्यातून एकामागून एक येऊन राहिल्यावानी. शब्द एखादाच, तोबी ओढलेला. मला वाटलं, मी केळीच्या बागंत उताणा पडलोय, वर पानं हलून राहिलीत आन् आंगाला वजनच न्हाई. दोन मिंटं टेकलो, उठलो तवा दुपार उतरली होती. बाहेर ट्रक उभा, केळीचे कॅरेट उन्हात, आन् ट्रकवाला वीरेश (देगलूरचा, भला माणूस) माझ्या बाजूला आडवा, कानात दुसरा हेडफोन. मी म्हणलं, "उठवायचं न्हाई का रे?" तर म्हणतो, "मामा, उठवायलाच आलतो."

वर कहर म्हणजे मी झोपेत गायलो! "चांद गेला म्हशीमागं, म्हैस गेली पाण्याला." तू मांडीवर घेऊन म्हणायचीस तेच. पोरीनं ते उचलून गाण्यात घातलं. आता माझा घोगरा आवाज तिच्या धुक्यात म्हशीवानी फिरून राहिलाय. रविवारी नांदेडला तिचा पहिलाच कार्यक्रम. म्हणती, पुढची ओळ द्या, अर्धं गाणं घेऊन मी लोकांपुढं जात न्हाई. मी सांगितलं, इसरलो, आन् असले लाड मला जमत न्हाईत. रडली. रडू दे. मी काही विरघळलो न्हाई.

तू मनावर घेऊ नको. सुनंला आशीर्वाद.

तुझा भुजंग

ता. क. पत्र घेऊन दारात उभा हाय तो वीरेशच. तुमच्या लातूरला माल टाकायला चाललाय. त्याच्या मोबाइलात पुढची ओळ म्हणून दे. चहा नंतर पाज, आधी म्हण. (खोकला आला तरी थांबू नको, पोरगी म्हणती खोकलाबी घेते.)

आणखी ता. क. इसरलो म्हणलं ते खरं न्हाई. पुढची ओळ मी कधी ऐकलीच न्हाई, तवर मला झोप लागायची. पासष्ट वर्षं झाली, अक्का. ती म्हैस घरी आली का?